ओल्या बुटांतला कागद

पहिलं भांडं फुटलं तेव्हा हेडविग स्वयंपाकघरात उकडलेल्या बटाट्यांची सालं काढत होती. नुसत्या आवाजावरून तिने ओळखलं, कोपऱ्यावरच्या पाववाल्याचं सुपाचं मोठं भांडं असणार. कान तुटलेलं ते भांडं कुणाच्या तरी लग्नाची वाट बघत त्याच्या माळ्यावर कधीचं पडून होतं. अंगणात हशा उसळला. उद्या आल्मुटचं लग्न. आज रीतीप्रमाणे गाव दाराशी येऊन जुन्या कपबशा फोडणार आणि नवरानवरी मिळून ते तुकडे झाडून काढणार. या संध्याकाळचं आमंत्रण कुणाला द्यायचं नसतं आणि आलेल्याला दारातून परत पाठवायचंही नसतं.

"आई, बास झाले बटाटे." आल्मुट केरसुणी हातात घेऊनच आत आली. "बाहेर ये ना जरा. बाबा काय करताहेत ते तरी बघ."

"काय करताहेत?"

"हाइनरच्या खांद्यावर हात टाकून उभे आहेत."

हेडविगचा हात थांबला. लुडोल्फ छपरं शाकारणारा माणूस. त्याच्या बापानेही तेच केलं होतं, थोरला एक्बर्टही तेच करतो. धाकट्याने नाटकाच्या शाळेत जायचं ठरवलं त्या दिवसापासून लुडोल्फने त्याच्याशी धड शब्द काढला नव्हता. हाइनर सणावाराला घरी यायचा, जेवायचा, आणि बाप मीठ हवं असलं तरी ते बायकोमार्फत मागायचा. मधल्या सगळ्या वर्षांत या घरात हाइनरचं म्हणून एकच माणूस होतं, आणि ते म्हणजे ती.

ती खिडकीशी गेली. गावातल्या दहापाच पुरुषांच्या घोळक्यात लुडोल्फ बीअरचा ग्लास उंचावून सांगत होता, "हा बघा. हा माझा खुनी." हाइनर मान खाली घालून हसत होता. राखाडी सूट, मागे वळवलेले केस. गर्दीतली सगळी माणसं त्याच्याकडे बघत होती, आणि आपल्याकडे बघताहेत हे त्याला न बघताही कळत होतं. तीच नजर अंगावर घेत तो जरासा कलून उभा होता.

बाजारचौकातल्या सिनेमागृहात गेल्या आठवड्यापासून त्याचा चित्रपट लागला होता. लंडनची गोष्ट, लंडनचं धुकं सगळं हाम्बुर्गच्या बंदरात धूर सोडून केलेलं, असं हाइनरनेच सांगितलं होतं. अंधारे जिने, किंचाळ्या, पोलिसांच्या शिट्ट्या. रोजचे सगळे खेळ भरलेले. गावातल्या ज्या बायका त्याला 'तुमचा तो नाटक्या' म्हणायच्या त्याच आता 'आमचा हाइनर' म्हणत होत्या. हेडविगने मात्र अजून बघितला नव्हता. लग्नाच्या घरात केकच्या थाळ्या भाजता भाजता तिला तेवढा वेळ कुठला मिळणार. कार्य पार पडलं की निवांत बघू, असं तिने ठरवलं होतं.

एक्बर्ट बीअरचा क्रेट न्यायला आत आला. त्याने क्रेट उचलला, पुन्हा खाली ठेवला आणि आईच्या खांद्यावरून बाहेर बघितलं.

"बघून घे. पंधराव्या वर्षापासून मी बाबांबरोबर छपरांवर चढतोय. माझ्या खांद्यावर कधी पडला नाही हा हात. एखाद्या बाईचा गळा दाबला असता तर पडला असता."

"एक्बर्ट, आजच्या दिवशी तरी."

"मी काय वाईट बोललो? आनंदच आहे. घरात कुणीतरी नाव काढलं." क्रेट काखेला मारून तो दारात थांबला. "ते आडनाव मात्र आपलं नाही हां पडद्यावर. ते त्याला लांबलचक वाटलं म्हणे."

तो गेला. हेडविगने बटाट्यांवर व्हिनेगर शिंपडलं. बाहेर तिच्या भावाचा, रायमरचा, आवाज चढला होता. रायमरमामाला दोन ग्लास पोटात गेले की कुणाची तरी थट्टा लागते.

"ए खुन्या, इकडे ये. पावसात भिजून आलेय मी. म्हातारी बाई आहे असं समज. काढ माझे बूट."

बायका खिदळल्या. कुणीतरी म्हणालं, "हो हो, करून दाखव."

"नको मामा," हाइनर म्हणाला.

"नको काय? दाम मोजून बघितलाय मी. इथे घरचा म्हणून फुकट दाखव."

हेडविग मिरी शोधत होती. तिने सहज मान वर केली. रायमर बाकावर पाय पुढे करून बसला होता आणि हाइनर त्याच्या समोर गुडघ्यावर बसत होता. त्याने नाडी सोडली. टाचेला हात देऊन, लहान मुलाचा काढावा तसा, एक बूट काढला. कुणीतरी वर्तमानपत्र पुढे केलं. त्याने पान फाडलं, चुरगाळलं आणि बुटात कोंबलं. मग दुसरं. मग रायमरच्या मोज्यांवरून हलकेच हात फिरवत त्याने वर बघितलं, मंद हसला आणि मऊ आवाजात म्हणाला, "किती गार पडलेत हो पाय. बसा. मी कॉफी करतो."

मग पाववाल्याची बायको दोन्ही दंडांवर हात चोळत ओरडली, "अगदी असंच. बघा, काटा आला अंगावर," आणि सगळे टाळ्या पिटायला लागले.

हेडविगच्या हातातली मिरीची डबी ओट्यावर आडवी झाली. ती तिने सरळ केली.

"हे काय होतं?" तिने विचारलं.

"अगं, हाच तर प्रवेश," आल्मुट म्हणाली. "त्याने त्या मुलीला खाली तळघरात टाकलेलं असतं, आणि तेवढ्यात तिची आई घरी येते, चिंब भिजून. तर हा तिचे बूट काढतो, आत कागद भरतो, शेगडीजवळ ठेवतो. तिला कॉफी देतो. आणि ती त्याला म्हणते, पोटचा मुलगाही एवढं करत नाही. सगळं थिएटर गप्प होतं गं त्या वेळी. जाहिरातीवर चित्रही तेच आहे, बूट आणि त्याचा हात. तू चौकात गेलीच नाहीस वाटतं या आठवड्यात?"

"नाही."

"काल योस्ट त्याच्या आईलाही घेऊन गेला होता. मी म्हटलं होतं, नको नेऊस, काकूंना वीब्केचं सगळं आठवेल. पण काकूच म्हणाल्या, होणाऱ्या सुनेच्या भावाचं काम आहे, बघायला नको का."

"मग? काय म्हणाली मेटा?"

"काही नाही. डोकं दुखतंय म्हणून जेवल्याशिवाय झोपल्या म्हणे." आल्मुट बाहेरून हाक आली तशी वळली. "येते मी. किती फोडताहेत बघ. झाडून झाडून हात गळून जाणार."

हेडविग खुर्चीवर बसली. त्याच टेबलाशी, त्याच खुर्चीवर.

सहा वर्षांपूर्वी मेटाची लेक वीब्के गेली. वरच्या खोलीत भाडेकरू होता, चष्मेवाला, नम्र, रविवारी मेटाला चर्चपर्यंत सोबत करणारा. त्याने ते केलं. तो अजून तुरुंगात आहे. एवढं सगळ्या गावाला ठाऊक होतं. गावाला जे ठाऊक नव्हतं ते मेटाने त्या हिवाळ्यात एका दुपारी इथे बसून हेडविगला सांगितलं होतं. त्या दिवशी ती चर्चमधल्या गाण्याच्या सरावाहून भिजत घरी आली होती. दार त्याने उघडलं. तिचे बूट त्याने काढले, आत कागद भरला, कॉफी करून दिली. ती त्याला म्हणाली होती, माझा योस्टसुद्धा एवढं करत नाही हो. दोन कप प्यायली ती. पुढे कोर्टात डॉक्टर म्हणाले, मुलीचा जीव लगेच गेला नव्हता. संध्याकाळपर्यंत श्वास चालू होता तळघरात. तेव्हा कुणी मेटाकडे बघितलंही नाही, कारण ती त्या वेळी घरात होती हे कुणाला माहीतच नव्हतं. भाडेकरूने सांगितलं नाही, तिने सांगितलं नाही. हिशेब तिचा तिनेच मांडला. नवऱ्याला सांगितला नाही, तो त्याच दुःखात दोन वर्षांनी गेला. योस्ट तेव्हा परगावी सुतारकी शिकत होता. त्यालाही नाही.

"तुला सांगितलं म्हणजे विहिरीत टाकलं," मेटा म्हणाली होती.

आणि दोन वर्षांपूर्वीच्या वसंतात हाइनर याच टेबलाशी बसला होता. तोवर त्याचं काय काय झालं होतं ते तिलाच माहीत. जिल्ह्याच्या नाटकघरात तिसरा नोकर. रेडिओवर दारं आपटण्याचे आवाज. टेलिव्हिजनवर चादरीखालचं प्रेत. त्याचे पाय दिसतील म्हणून ती शेजाऱ्यांकडे बघायला गेली होती. एकदा साक्षीदाराचं चांगलं काम मिळालं तर तेवढाच तुकडा कापला. त्या दिवशी तो म्हणाला, "आई, एक खुनी मिळेल असं वाटतंय. छोटं काम आहे. पण मला जमत नाही गं. डोळे वटारतो, सगळेच वटारतात. खुनी माणूस असतो तरी कसा?" त्याचा चेहरा उतरलेला, बापाचं पाऊल अंगणात वाजलं की दचकणारा. घरात दुसरं कुणी त्याला काही देणारं नव्हतं. तिने दिलं. सांगताना तिला वाटलं होतं, आपण मुलाशी बोलतोय.

तिने एप्रन काढला आणि दारात जाऊन हाक मारली, "हाइनर, जरा कपड्यांच्या खोलीत ये. फळी धरू लाग मला."

मागच्या बाजूच्या कपडे धुवायच्या खोलीत भिंतीला तांब्याची मोठी कढई होती आणि अंगणाकडे उघडणारी एक लहान खिडकी. हाइनर हसतच आत आला. त्याच्या पाठीवर अजून बापाच्या हाताची ऊब असावी असा.

"बाबा बघितलेस? मला म्हणाले, तू त्या बाईकडे बघतोस ना, तेव्हा मलाच भीती वाटली. माझे बाबा, आई."

"ते बूट," ती म्हणाली.

त्याने दार लोटून घेतलं.

"मी तुला सांगणारच होतो."

"कधी?"

"तू बघितल्यावर. मला वाटलं, तुला..." तो थांबला. "मला वाटलं तुला आवडेल."

आवडलं असतं का, हे हेडविगने स्वतःला विचारून बघितलं आणि तो विचार तिथेच सोडला.

"पटकथेच्या त्या पानावर काहीच लिहिलेलं नव्हतं, आई. 'खुनी आईशी गोड बोलतो' एवढंच. दिग्दर्शक वैतागला होता, म्हणत होता हा तुकडाच काढून टाकू. आणि तो निघाला असता तर मी पुन्हा प्रेत. मी म्हटलं, मला एकदा करू द्या. वर्तमानपत्र मागून घेतलं. केलं. झाल्यावर दिवे धरणारी माणसंसुद्धा बोलेनात. त्या सबंध चित्रपटात तेवढं एकच खरं आहे."

"खरं आहे. मेटाचं आहे."

"कुणाला कळणार? त्यात त्यांचं नाव नाही, गाव नाही. आणि काकू सिनेमाला जात नाहीत."

"काल गेली होती."

हाइनरने कढईच्या कडेवर हात टेकला. खिडकीतून फुटणाऱ्या बशांचा आवाज येत होता आणि प्रत्येक आवाजामागून ओरडा.

"काही म्हणाल्या?"

"तुला काय वाटतं?"

"योस्टला सांगितलं असेल?"

"सांगितलं असतं तर उद्याचं लग्न राहिलं असतं का? आपल्या आईने काय केलं हे त्याला अशा रीतीने कळलं, आणि ते सगळ्या गावाने आधी टाळ्या वाजवून बघितलेलं, तर तो या घरात पाऊल तरी ठेवेल? आल्मुटकडे बघेल?" तिचा आवाज चढला नव्हता. तिचा आवाज कधीच चढत नसे. "तू ते पुन्हा कुठे करू नकोस, हाइनर. तेवढं मला वचन दे."

तो खिडकीकडे बघत राहिला.

"हाइनर."

"हाम्बुर्गवाल्यांनी मला पुढच्या तिन्ही चित्रपटांत घेतलंय. कशासाठी घेतलंय असं तुला वाटतं? त्यांना तेच हवंय. म्हणाले, प्रत्येक वेळी काहीतरी असं घरगुती करत जा. कधी बूट, कधी कोट. लोक त्याचीच वाट बघतील." मग एकदम कडवटपणे, "तूच दिलंस ना मला? मी मागितलं नव्हतं. तू आपणहून बसून सांगितलंस, कॉफी किती कप ते सुद्धा. आता मी एकटाच चोर?"

तो लगेच ओशाळला. पण शब्द बोलून झाला होता.

बाहेरचा आवाज बदलला. कुणीतरी म्हणालं, "वाट द्या, विहीणबाई आल्या," आणि टाळ्या झाल्या. खिडकीतून दिसलं. मेटा काळ्या चांगल्या पोशाखात, हातात झाकलेली टोपली. तिने योस्टचा गालगुच्चा घेतला, आल्मुटच्या कपाळावर ओठ टेकले. टोपलीतून एकेक बशी काढून तिने शांतपणे, वाकून, दगडी उंबऱ्यावर टाकली. रायमर म्हणाला, "मेटाताई, जरा जोरात. कुणावर तरी राग असल्यासारखी." सगळे हसले. मेटाही हसली आणि पुढची बशी तिने खरंच जोरात टाकली.

मग ती कुणाशी दोन शब्द बोलत, कुणाचा हात दाबत, घराच्या मागच्या बाजूला आली. दार उघडलं, आत आली आणि तिने ते नीट लावून घेतलं.

"मला वाटलंच तुम्ही दोघं इथे असाल," ती म्हणाली.

"मेटा," हेडविग म्हणाली. "मेटा, मी..."

"थांब. मला फार वेळ नाही. योस्ट शोधत येईल." तिने रिकामी टोपली खाली ठेवली. "योस्टला मी काही सांगितलेलं नाही. सांगणारही नाही. काल सबंध वेळ तो माझा हात धरून बसला होता. त्याला वाटलं मला वीब्के आठवतेय. मागच्या रांगेत दोघीजणी बसल्या होत्या, ओळखीच्या. तो प्रवेश आला तेव्हा त्यातली एक म्हणाली, कशी गं ही बाई, घरात काय झालंय याचा पत्ता नाही, आणि बसली कॉफी ढोसत. दुसरी म्हणाली, खऱ्या आईला आतून कळलं असतं." मेटाने हातमोजे काढायला सुरुवात केली होती, ते तिने पुन्हा सारखे केले. "मी मागे वळून बघितलं नाही."

हेडविगने पुढे होऊन तिचा हात धरायचा प्रयत्न केला. मेटाने हात काढून घेतला नाही. नुसता तिथे राहू दिला, दुसऱ्या कुणाचा असल्यासारखा. तेव्हा हेडविगनेच सोडला.

"काकू," हाइनर म्हणाला. त्याचा चेहरा पांढरा पडला होता आणि त्यात नाटक नव्हतं. आईला ते ओळखता येत होतं. "काकू, मला क्षमा करा. मी तुमचा विचारच केला नाही. चूक झाली."

"हो, चूक झाली," मेटा म्हणाली. "तू चुरगाळून बोळे कोंबलेस. त्याने तसं नव्हतं केलं."

दोघंही तिच्याकडे बघत राहिली.

"त्याने पट्ट्या फाडल्या. लांब, सारख्या. एक पट्टी आधी पुढे बोटांपाशी घातली, अंगठ्याने दाबली. मग दुसरी. टाचेकडचं शेवटी. घाई नव्हती. आणि तू बोलत होतास. तो बोलला नाही. कॉफी देतानाही नाही. बोलत मीच होते, एकटी, एकसारखी. आणि तू वर बघून हसतोस. त्याने एकदाही वर बघितलं नाही." ती सरळ उभी होती, आवाज कोरडा. "सहा वर्षं रोज बघतेय मी ते. मला तरी नीट पाठ असणार ना? काल अंधारात बसून मी तुझ्या चुकाच काढत होते. दुसरं काय करणार."

बाहेर कुणीतरी अकॉर्डियन काढलं होतं. सूर लागत नव्हता, पुन्हा पुन्हा तेच चाललं होतं.

"एकदाही नाही?" हाइनरने विचारलं.

त्याने ते फार हळू विचारलं. हेडविगने त्याच्याकडे बघितलं. चेहऱ्यावर अजून तेच दुःख होतं, खरंखुरं. पण डोळे मेटाच्या हातांवर खिळले होते, आणि पँटच्या शिवणीवर त्याचा उजवा अंगठा हलत होता. आधी पुढे, दाबून. मग जरा मागे. लहानपणी शाळेची कविता पाठ करताना ओठ न हलवता बोटं हलवायचा, तसा.

"हात कापत होते का त्याचे?" तो म्हणाला.

"हाइनर," हेडविग म्हणाली.

मेटाने तो अंगठा बघितला होता.

"शिकतोय बघ तो, हेडविग," ती म्हणाली.

हाइनरने हात खिशात घातला. फार उशीर झाला होता.

"उद्या चर्चमध्ये मी तुझ्या शेजारी बसेन," मेटा हेडविगला म्हणाली. "मुलांसाठी. जेवणाच्या वेळीही बसेन. लोक फोटो काढतील तेव्हा तुझ्या हातात हात घालेन. नंतर तू माझ्याकडे येऊ नकोस. नातवंडं झाली तर आल्मुट घेऊन येईल माझ्याकडे, तुझ्याकडे तुझ्या वेळी. आपण दोघी एका वेळी नको." तिने टोपली उचलली. "याचं काय ते तुझं तू बघ. तुझा आहे."

दार उघडून ती गेली, आणि लगेच बाहेर तिचा आवाज आला, खेळकर, चढा: "अरे, मला कुणी बीअर देणार आहे की नाही?"

आत दोघं उभी राहिली. हेडविगला वाटलं तो रडेल. लहानपणी तो लगेच रडायचा, आणि मग ती त्याला जवळ घ्यायची, आणि लुडोल्फ म्हणायचा, तूच त्याला बिघडवलंस.

"मी वर बघणार नाही," हाइनर म्हणाला.

"काय?"

"पुढच्या वेळी. बोलणारही नाही. आई, त्या सांगत होत्या ना, मला ते एकदम दिसलं. मी सगळं उथळ केलं होतं गं, भीती दाखवायला. त्यांनी सांगितलं तसं केलं तर निदान खरं होईल. त्यांच्याशी प्रामाणिक होईल." तो मनापासून बोलत होता. तो आईची समजूत घालत होता. "तेवढं तरी मी त्यांच्यासाठी करायला हवं."

हेडविगने त्याच्या कोटाच्या कॉलरवरचं कागदाचं एक कपटं झटकलं. हात आपोआप गेला. इतकी वर्षं जात आलेला.

"बॅग भर," ती म्हणाली.

तो हसला, मग त्याचं हसू गेलं.

"उद्या लग्न आहे. माझ्या बहिणीचं."

"मेटा माझ्या शेजारी बसणार आहे. तू तिच्या समोर बसून तिचे हात बघशील."

"नाही बघणार."

"बघशील. तुला कळणारही नाही." तिने दार उघडून धरलं. "हाम्बुर्गची गाडी आहे अजून. आल्मुटला मी सांगेन, कामासाठी निरोप आला."

"आणि पुढच्या सणाला?"

"तेव्हाही तुला काम असेल."

त्याने तिच्याकडे बघितलं, आणि पहिल्यांदाच त्याच्या नजरेत बापाची नजर आली, छपरावरून खाली बघणाऱ्या माणसाची. मग तो मागच्या जिन्याने वर गेला.

लुडोल्फ तिला अंगणाच्या कोपऱ्यात भेटला. "कुठे आहे तो? पाववाल्याची मंडळी थांबलीयत त्याच्यासाठी."

"अहो, त्याला निघायला हवं. हाम्बुर्गहून निरोप आलाय. उद्या सकाळी शूटिंग."

"उद्या? शनिवारी?"

"त्यांच्यात वार नसतो म्हणे."

लुडोल्फ तिच्याकडे बघत राहिला. त्याच्या दाढीच्या खुंटांत बीअरचा फेस होता. "तू नेहमी त्याला माझ्यापासून लांब ठेवलंस," तो म्हणाला. "नाटकाच्या शाळेत तू पाठवलंस, चोरून. आज मी पहिल्यांदा... आत्ता कुठे त्याचं-माझं..." त्याने वाक्य पुरं केलं नाही. ग्लासातलं उरलेलं गवतावर ओतलं आणि पाठ फिरवली. पुढे कित्येक वर्षं तो मीठसुद्धा तिच्याकडे मागणार नव्हता, पण ते तिला तेव्हा ठाऊक नव्हतं.

हाइनर बॅग घेऊन पुढच्या दारातून आला. दुसरी वाटच नव्हती. फाटक अंगणाच्या पलीकडे, आणि मधे सगळं गाव. आल्मुट आणि योस्ट ओणवून तुकडे झाडत होते. आल्मुटने मान वर केली.

"हे काय? कुठे निघालास?"

"काम आलंय गं."

"माझ्या लग्नाला काम आलं?" ती केरसुणी धरून उभीच राहिली. "जा बाबा. तुला आमचं काय."

योस्टने तिच्या पाठीवर हात ठेवला आणि हाइनरकडे बघून समजूतदारपणे मान हलवली. त्या चांगल्या मुलाला कसलाच राग नव्हता. तुकड्यांवरून कर्रकर्र पावलं टाकत हाइनर निघाला. राखाडी सूट, हातात बॅग, उतरलेला चेहरा. माणसं बाजूला होऊ लागली.

तेवढ्यात एक्बर्टने बाकावरून हाळी दिली, "अरे पकडा, पकडा. खुनी पळाला."

सगळ्या अंगणाला ते पटलं. रायमरने पोलिसांसारखी शिट्टी घातली. कुणी ग्लासवर चमचा वाजवायला लागलं, कुणी ओरडलं, "पुन्हा एकदा वळून बघ रे, तसं," आणि टाळ्या सुरू झाल्या, एका ठेक्यात. फाटकापाशी हाइनर थांबला. हेडविगला वाटलं, आता तो तसाच निघून जाईल. तेवढं जरी त्याने केलं असतं. पण त्याने बॅग खाली ठेवली, वळला आणि कमरेत वाकून सगळ्यांना अभिवादन केलं.

मेटा योस्टच्या शेजारी उभी होती. योस्ट हसत तिच्याकडे बघत होता, आईला गंमत वाटतेय ना हे बघायला. तिने हातातला ग्लास बाकावर ठेवला आणि ती टाळ्या वाजवू लागली. मग टाळ्या न थांबवता तिने मान वळवली आणि हेडविगकडे बघितलं, बघतच राहिली, आणि हेडविगनेही टाळीसाठी हात वर घेतले.